एकट्याला न गाता येणारं गाणं: जॉर्जियाचं लोकसंगीत, तिथलं बालपण आणि सिनेमा

फोनवर अधूनमधून जॉर्जियाच्या गाण्याची एखादी चित्रफीत येते. जेवणाचं लांबलचक टेबल, चार-पाच पुरुष, एखादा दहा वर्षांचा मुलगा, आणि समोर वाद्य एकही नाही. एक जण सुरुवात करतो, बाकीचे मध्येच शिरतात, आणि पुढच्या क्षणी खोलीभर एक जाड, दाणेदार आवाज भरून राहतो. खाली मराठी प्रतिक्रिया बहुधा दोन प्रकारच्या असतात: ‘अंगावर काटा आला’ आणि ‘हे जरा बेसूर वाटतंय का?’ दोन्ही प्रामाणिक आहेत आणि दोन्हींचं कारण एकच आहे. वैद्यकीय शिक्षणासाठी तिबिलिसीला, म्हणजे जॉर्जियाच्या राजधानीला, गेलेली महाराष्ट्रातली मुलं आता बरीच आहेत, त्यामुळे हा प्रश्न त्यांच्या घरच्यांनाही पडतो. म्हणून मुळापासून सांगतो.

जॉर्जिया म्हणजे कॉकेशस पर्वताच्या दक्षिणेचा, काळ्या समुद्राकाठचा छोटा देश. त्याच नावाच्या अमेरिकी राज्याशी त्याचा संबंध नाही. लोकसंख्या ३७ लाखांच्या आसपास, म्हणजे आपल्या एखाद्या मोठ्या शहराइतकी. पण गावकऱ्यांनी वेगवेगळ्या चाली एकाच वेळी गाण्याची परंपरा जगात जिथे सर्वांत सखोल टिकली आहे, त्या मोजक्या जागांत हा देश मोडतो. १९७७ साली अंतराळात गेलेल्या व्हॉयेजर यानांवरच्या सोनेरी तबकडीत ‘चाक्रुलो’ हे जॉर्जियन गाणं आहे. त्याच तबकडीवर केसरबाई केरकरांची भैरवीही आहे, हे मराठी आणि गोव्याच्या वाचकाने आवर्जून लक्षात ठेवावं. २००१ मध्ये युनेस्कोने जॉर्जियाच्या या गायनाला मानवजातीच्या मौखिक वारशात स्थान दिलं.

तीन आवाज, तीन कामं

आपलं संगीत एका चालीचं आहे. अभंग असो, लावणी असो की ख्याल, चाल एकच. तानपुरा खाली सूर धरून असतो, टाळ-मृदंग लय धरतात, आणि शंभर वारकरी मिळून गायले तरी तीच चाल शंभर कंठांतून येते. जॉर्जियन गाण्यात असं नसतं. तिथे तीन जण एकाच वेळी तीन वेगळ्या चाली गातात आणि त्या तिन्ही मिळून एक गाणं होतं. याला बहुस्वरी गायन म्हणतात. या लेखात हा शब्द त्याच अर्थाने येईल.

सर्वांत खालच्या आवाजाला बानी म्हणतात. मधला आवाज बहुधा गाणं सुरू करतो आणि शब्द त्याच्याकडे असतात. वरचा आवाज त्या दोघांच्या डोक्यावरून फिरतो. टेबलावरच्या गाण्यात वरचे दोन आवाज प्रत्येकी एकेका माणसाचे असतात आणि बानी उरलेले सगळे मिळून गातात. वीस जण जमले असतील तर अठरा जण बानीत.

मराठी कान बानी ऐकून लगेच म्हणतो, ‘हा तर तानपुरा.’ सुरुवातीला ही समजूत कामाला येते, पण लवकरच वाट चुकवते. तानपुरा राग संपेपर्यंत जागचा हलत नाही. बानी हलते. एका सुरावर बराच वेळ टेकते, मग एक पायरी खाली उतरते, पुन्हा वर येते, आणि तिच्या या हलण्याने वरच्या दोन्ही आवाजांचा अर्थ बदलत जातो. वरच्या गायकाने आपला सूर तसाच धरून ठेवला तरी बानी खाली सरकली की तोच सूर वेगळा ऐकू येतो. बानीला दुय्यम समजणारा माणूस हे गाणं अर्धंच ऐकतो.

मग ते बेसूर का वाटतं?

कारण दोन शेजारचे सूर एकदम वाजतात. पाश्चात्त्य चित्रपटसंगीतातून आपल्या कानाला ‘सा-ग-प’ एकत्र ऐकायची सवय लागली आहे. ते गोड, गोलसर लागतं. जॉर्जियन गाण्यात वारंवार येणारा मेळ ‘सा-म-प’ असा आहे. मध्यम आणि पंचम शेजारी-शेजारी, एकमेकांना घासणारे.

आकडे घेऊन पाहू. षड्ज २४० कंपनांचा धरला तर शुद्ध मध्यम ३२० आणि पंचम ३६०. तिघांचं प्रमाण ६:८:९. म्हणजे षड्जाशी मध्यमाचंही छान जुळतं आणि पंचमाचंही. भांडण फक्त मध्यम आणि पंचम यांच्यात. आवाज सरळ, न थरथरता लावले तर या तीन संख्यांना बांधणारी ४० ची मूळ संख्या कानाला खालून एक गुणगुण म्हणून जाणवते. खोलीत चौथं कुणी गातंय असं वाटतं ते यामुळे. आवाज जरा थरथरला की ती गुणगुण नाहीशी होते आणि उरतो नुसता घासलेपणा. चांगल्या आणि वाईट जॉर्जियन गायनातला फरक बऱ्याचदा इथेच पडतो.

दुसरं कारण स्वरांच्या जागा. आपल्याकडे गंधार कोमल किंवा शुद्ध. जुन्या जॉर्जियन गायकांचा तिसरा स्वर अनेकदा या दोहोंच्या मध्ये पडतो. २०१६ साली पोट्सडाम विद्यापीठाशी संबंधित संशोधकांनी स्वानेती या डोंगराळ प्रांतात गायकांच्या गळ्याला छोटे मायक्रोफोन लावून प्रत्येकाचा आवाज वेगळा ध्वनिमुद्रित केला. तिघांचे आवाज एकत्र मुद्रित केले तर कुणाचा सूर कुठे आहे हे नेमकं मोजता येत नाही. गळ्यालाच मायक्रोफोन असेल तर येतं. आणखी एक गोष्ट त्या मुद्रणांत दिसते: गाणं पुढे जाताना तिन्ही आवाज मिळून हळूहळू वर चढतात, तेही एकमेकांतलं अंतर न मोडता. पेटी घेऊन तपासणारा माणूस म्हणेल, सूर सुटला. ते तिघं एकमेकांना धरून आहेत, पेटीला नव्हे.

जॉर्जियन स्वरसप्तक नेमकं कसं, याबद्दल तिथल्या अभ्यासकांत आजही जोरदार वाद आहेत. काही जण सातही पायऱ्या जवळजवळ सारख्या अंतराच्या मानतात, काहींना ते मान्य नाही. ऐकणाऱ्याने एवढं जाणलं तरी पुरे की हे स्वर पियानोच्या पट्ट्यांवर बसवले की गाण्याचा जीव जातो.

सगळ्या देशात एकच पद्धत आहे का?

नाही, आणि गंमत यातच आहे. पूर्वेच्या काखेती प्रांतात, जिथे द्राक्षमळे आहेत, बानी लांब आणि स्थिर असते. तिच्यावर दोन एकल गायक आळीपाळीने नक्षीदार चाली गातात. मराठी कानाला सर्वांत आधी हेच जवळचं वाटतं, त्यातल्या हरकतींमुळे. ‘चाक्रुलो’ इकडचं.

उत्तरेला, बर्फाच्या डोंगरांत स्वानेती. तिथे तिन्ही आवाज एकदम, एकाच शब्दावर, एकाच वेळी हलतात. नक्षी नाही. दगडी भिंत सरकावी तसं गाणं. शब्दही पुष्कळदा अर्थ हरवलेले. मृत्यूच्या वेळी पुरुष जे गातात त्यात शब्दच नसतात, नुसते उद्गार.

पश्चिमेला काळ्या समुद्राकडे गुरिया. इथे तिन्ही आवाज आपापल्या वाटेने धावतात आणि कुणी कुणासाठी थांबत नाही. सर्वांत वरचा आवाज ‘क्रिमान्चुली’ नावाच्या गायकीचा: छातीचा आवाज आणि डोक्याचा पातळ आवाज यांत झपाट्याने उड्या मारत, बिनअर्थाच्या अक्षरांवर. पहिल्यांदा ऐकणाऱ्याला बाई किंवा पोर गात असल्यासारखं वाटतं. असतो तो प्रौढ, मिशीवाला शेतकरी. याच भागात मक्याच्या शेतात खुरपणी करताना गायची कामाची गाणी चार आवाजांची असतात. दोन गट समोरासमोर, एकाचं संपत आलं की दुसऱ्याने उचलायचं, आणि गती वाढत न्यायची. सकाळी सुरू झालेलं गाणं दिवस चढेल तसं वेगवान होतं. हात त्या वेगाने चालावेत यासाठीच ते रचलेलं.

वाद्यं आहेत, पण मोजकी. पूर्वेला तीन तारांची पांदुरी, पश्चिमेला चार तारांची, पडदे नसलेली चोंगुरी, स्वानेतीत गजाने वाजवायची चुनिरी. पुष्कळ मोठी गाणी यातलं एकही न घेता होतात.

मुलाच्या कानावर हे कधी पडतं?

पाळण्यापासून. ‘नाना’ म्हणजे अंगाई, ती आई-आजी एकटीही गाते. बहुस्वरी गायनाच्या देशात एकट्याने गायच्या थोड्या गाण्यांपैकी ही आहेत.

तिच्याच जवळचा एक प्रकार आजारपणाचा. गोवर, देवी असे मुलांचे साथीचे रोग ‘बातोनेबी’ म्हणजे थोर पाहुण्यांनी आणलेले आहेत अशी समजूत होती. समुद्रापलीकडून आलेले हे पाहुणे मुलाच्या अंगात उतरतात. त्यांना चिडवायचं नाही, राजी करून परत पाठवायचं. मग खोली फुलांनी सजवायची, रंगीत कापड लावायचं, गोड पदार्थ ठेवायचे, घरात मोठ्याने बोलायचं नाही, आणि मुलाच्या उशाशी बसून व्हायोलेट व गुलाबाच्या फुलांची नावं घेत गात राहायचं. महाराष्ट्रात गोवर-कांजिण्यांच्या वेळी दारात कडुलिंबाचा डहाळा, घरात फोडणी बंद आणि देवीला शांत करण्याची धडपड ज्यांनी आजीकडून ऐकली आहे, त्यांना हे समजावून सांगावं लागणार नाही. पश्चिम जॉर्जियात ही आजारपणाची गाणीही तीन आवाजांत गायली गेली. तापाने फणफणलेल्या मुलाभोवती तीन बायका, तिघींच्या तीन चाली, आवाज अगदी दबका. बहुस्वरी गायन म्हणजे मैफिलीतला दिमाख, असं ज्यांना वाटतं त्यांनी ही गाणी आधी ऐकावीत.

मग सण. जॉर्जियन चर्च जुनी दिनदर्शिका पाळतं, त्यामुळे त्यांचा नाताळ ७ जानेवारीला. आदल्या रात्री गावातली माणसं आणि पोरं ‘अलिलो’ गात घरोघर जातात. ईस्टरला ‘चोना’ गात अंडी गोळा करतात. मुलाच्या दृष्टीने ही पहिली भूमिका: मोठ्यांच्या बाजूला चालायचं, ओळखीचा तुकडा आला की ओरडून गायचं, बदल्यात काहीतरी खायला मिळवायचं.

आणि सर्वांत मोठी शाळा म्हणजे ‘सुप्रा’, जेवणाची बैठक. तिथे ‘तामादा’ नावाचा प्रमुख ठरलेला असतो. तो पेला उचलून क्रमाने बोलतो: देवासाठी, देशासाठी, गेलेल्यांसाठी, मुलांसाठी. बोलून झालं की गाणं. दीर्घायुष्य चिंतणारं ‘म्रावालझामिएरी’ जवळजवळ प्रत्येक बैठकीत येतं, आणि प्रांतागणिक त्याची चाल निराळी. मूल आजोबांच्या शेजारी बसलेलं असतं. त्याला कुणी धडा देत नाही. बानी सोपी आणि बहुतेकांची, म्हणून ते आधी तिच्यात शिरतं: एकच सूर, ‘ओ’ किंवा ‘आ’, चुकला तर शेजारच्याच्या बरगड्यांतून येणारा आवाज दुरुस्त करतो. मग मधली चाल पाठ होते, कारण शब्द तिच्यात आहेत. वरचा आवाज शेवटी.

इथे एक व्यावहारिक अडचण असते. दहा वर्षांच्या मुलाला मोठ्यांची बानी खाली लागतच नाही, म्हणून ते ती एक सप्तक वरून धरतं किंवा वरच्या आवाजाकडे ढकललं जातं. आवाज फुटण्याचं वय आलं, म्हणजे साधारण बारा ते चौदा, की तोच मुलगा काही महिन्यांत वरच्या आवाजातून बानीत उतरतो. ज्याने तोवर फक्त स्वतःचीच चाल पाठ केली होती तो इथे गळतो. म्हणून जुने गुरू मुलाला तिन्ही आवाज शिकवत. तिन्ही येतात तोच पुरा गायक, असा हिशेब होता.

सिनेमात ऐकू येतं ते लोकसंगीतच ना?

बहुतेकदा नाही. जॉर्जियाचा कौटुंबिक सिनेमा पाहताना हा घोटाळा नेहमी होतो, म्हणून जरा थांबून सांगतो.

तिबिलिसी आणि कुताइसी या शहरांत एकोणिसाव्या शतकात एक वेगळं गाणं तयार झालं. त्याला शहरी गाणं म्हणतात. गिटार हातात, चाल वरच्या आवाजात, दुसरा आवाज तिच्याखाली ‘ग’च्या अंतराने समांतर, शेवट गोड. तेही तीन आवाजांत असतं, तेही टेबलाभोवती गातात, आणि ते सुंदरच आहे. पण त्याची बांधणी युरोपीय आहे. कौटुंबिक चित्रपटांतल्या घरगुती बैठकीत पुष्कळदा हेच असतं. तिसरा प्रकार निव्वळ चित्रपटगीतांचा. १९७७ च्या ‘मिमिनो’मधलं ‘चितो-ग्व्रितो’ हे वाख्तांग किकाबिद्झे यांनी गायलेलं गाणं कित्येकांना लोकगीत वाटतं. ते गिया कांचेली या संगीतकाराने चित्रपटासाठी रचलं आहे.

ओळखायचं कसं? आधी शेवट ऐका. गावचं गाणं बहुधा तिघांच्या एकाच सुरावर किंवा नुसत्या सा-प वर येऊन थांबतं, मध्ये गंधार नसतो. शहरी गाणं गंधारासकट गोड मिटतं. मग सुरुवात ऐका. गावच्या गाण्यात एक जण एकटाच तुकडा गातो आणि बाकीचे शब्द अर्ध्यावर असताना शिरतात. शहरी गाण्यात सगळे बहुधा गिटारच्या ठोक्यावर एकदम. गिटार असेल तर प्रश्न जवळपास सुटलाच.

चित्रपटात गावच्या गाण्याचं नुकसान होतं ते याच दोन टोकांवर. संकलक सुरुवातीचा एकट्याचा तुकडा ‘लांबतोय’ म्हणून कापतो आणि शेवट संवादाखाली दाबतो. उरतो मधला भरीव भाग, म्हणजे वातावरण. दुसरं नुकसान पार्श्वगायनाने होतं. हे गाणारे एकमेकांच्या तोंडाकडे पाहून गातात, कारण ‘ओ’ आणि ‘आ’ यांत जरा फरक पडला तरी मेळ विस्कटतो. ओठ हलवणारा नट कॅमेऱ्याचा विचार करत असतो. पडद्यावर तिघं गात असतील आणि कुणीच कुणाकडे पाहत नसेल, तर आवाज दुसरीकडून आला आहे असं समजावं.

ज्यांनी हे नीट केलं त्यांत ओतार इओसेलियानी यांचं नाव आधी घ्यावं लागतं. ते स्वतः संगीत शिकलेले. १९६९ मध्ये त्यांनी जुन्या जॉर्जियन गाण्यावर एक छोटा माहितीपट केला. प्रांत बदलतो तसं गाणं बदलतं आणि माणसं आपापल्या जागी गात असतात. सिनेमाच्या वाटेने या विषयात शिरायचं तर सुरुवात इथून करावी.

बालपणाच्या चित्रपटांचं काय? तेंगिझ अबुलाद्झे यांनी १९६० च्या दशकाच्या सुरुवातीला नोदार दुम्बाद्झे यांच्या कादंबरीवर ‘मी, आजी, इलिको आणि इलारिओनी’ हा चित्रपट केला. गुरियातलं गाव, महायुद्धाचा काळ, आणि आजी व दोन म्हातारे शेजारी मिळून वाढवत असलेला झुरिको. आईबाप नसलेल्या मुलाचं घर असं शेजाऱ्यांसकट उभं राहतं. गुरियाची गायकी कुठल्या मातीत टिकली हे समजायला त्यातली गाणी मोजण्याची गरज नाही. तीन म्हाताऱ्यांचं एका पोराशी सतत चाललेलं बोलणं, भांडणं, चिडवणं पुरेसं आहे. क्रिमान्चुलीतही तसंच चालतं, प्रत्येक जण दुसऱ्याला डिवचत पुढे जातो.

नव्या चित्रपटांत याची दुसरी बाजू येते. २०१७ च्या ‘माझं सुखी कुटुंब’ या चित्रपटात तीन पिढ्यांच्या गर्दीच्या घरातून बाहेर पडू पाहणारी मानाना ही बावन्न वर्षांची शिक्षिका आहे. तिला नको असताना तिच्या वाढदिवसाला घर पाहुण्यांनी भरतं आणि पुरुष गायला लागतात. गाणं उत्तम आहे. तिला मात्र तिथे श्वास घ्यायला जागा नाही. बहुस्वरी गायनाला कुटुंब लागतं हे खरं, आणि ते कुटुंब कुणाला तरी जडही होतं, हेही तितकंच खरं. परंपरेत स्त्रिया आणि पुरुष बहुतेक वेळा वेगळे गात, आणि टेबलाचं प्रमुखपद पुरुषाकडे असे. या गाण्यावर प्रेम करणाऱ्याने ही गोष्ट झाकू नये.

हे चर्चचं किंवा युरोपातून आलेलं संगीत नाही का?

चर्चचं आहेही आणि नाहीही. जॉर्जियाने चौथ्या शतकात ख्रिस्ती धर्म स्वीकारला आणि तिथल्या चर्चची स्तोत्रंही तीन आवाजांची झाली. बाराव्या शतकाच्या आसपासच्या इओआने पेत्रित्सी या तत्त्वज्ञाने तीन आवाजांची तीन नावं नोंदवून ठेवली आहेत. त्या काळात युरोपातलं बहुस्वरी गायन अजून घडत होतं. शिवाय शेतातली, शोकाची, आजारपणाची गाणी चर्चच्या चौकटीत बसत नाहीत. म्हणून ‘युरोपातून आलं’ हे म्हणणं टिकत नाही.

एकट्याला गाता येत नाही, तर ते टिकणार कसं?

हाच खरा प्रश्न. फुगडीला दुसरी लागतेच, तसं या गाण्याला आणखी दोघं लागतातच. एका गावातले तिन्ही आवाज जाणणारे तिघं असतील आणि दोघं गेले, तर तिसऱ्याला सगळं पाठ असूनही गाणं संपतं.

हे प्रत्यक्षात घडलं. गुरियाचे आर्तेम एर्कोमाइश्विली (१८८७ ते १९६७) हे जुन्या स्तोत्रांचे शेवटचे मोठे जाणकार. सोव्हिएत काळात चर्चच्या गायनावर दडपण होतं, शिकायला कुणी धजत नव्हतं, आणि बरोबरीचे गायक वारले होते. १९६६ मध्ये, वयाच्या ऐंशीच्या उंबरठ्यावर, तिबिलिसीच्या संगीतविद्यालयात त्यांना ध्वनिमुद्रणासाठी बसवलं गेलं. तिथे केलेली युक्ती अशी: आधी त्यांनी वरचा आवाज गायला आणि तो एका यंत्रावर घेतला. मग तो ऐकत मधला आवाज गायला, ते दोन्ही मिळून दुसऱ्या यंत्रावर. मग ते दोन्ही ऐकत बानी. म्हाताऱ्या गळ्याने स्वतःचेच दोन साथीदार व्हायचं. अशी शंभराहून अधिक स्तोत्रं त्यांनी नोंदवली. आज ती शास्त्रीय अभ्यासासाठीही वापरली जातात, कारण प्रत्येक गाण्यात आवाज एकेक करून वाढत गेल्याने त्यांना वेगळं करता येतं.

त्यांचे नातू आन्झोर एर्कोमाइश्विली (१९४० ते २०२१) यांनी १९६८ मध्ये ‘रुस्तावी’ हा गायकसंघ काढला. विसाव्या शतकाच्या सुरुवातीला ग्रामोफोन कंपनीने जॉर्जियात घेतलेल्या तबकड्या परदेशांतल्या संग्रहांतून शोधून काढल्या, आणि ‘मार्त्वे’ हा मुलांचा संघ उभा केला. एदिशेर गाराकानिद्झे यांनी तर गावोगाव फिरून गाणी गोळा केली आणि शहरातल्या मुलांना ती खेळ, नाच आणि सणांसकट शिकवली. गाणं रंगमंचावर नेलं की ते कडक होतं, असं त्यांचं म्हणणं होतं, आणि मुलांना त्यांनी रांगेत उभं केलं नाही.

आज शहरात टेबलावर शिकण्याची वेळ थोड्याच मुलांना मिळते, म्हणून संघ आणि वर्ग हेच बहुतेकांचं गाव झालं आहे. त्याचा तोटाही आहे. गुरियात एकेका गायकाकडे एकाच आवाजाचे तीन-चार पर्याय असत आणि तो मनाला येईल तो घेई. वर्गात शिकलेल्या मुलाकडे एकच येतो, तबकडीवरचा. बिनचूक गायलेलं पण दर वेळी तंतोतंत तेच आलेलं गुरियन गाणं जुन्या जाणकारांना खटकतं ते यामुळे.

घरी करून पाहायचं असेल तर

तिघं हवेत, गाता गळा पुरे, गायन शिकलेलं असण्याची गरज नाही. खांद्याला खांदा लावून अर्धवर्तुळात उभं राहा, एकमेकांचं तोंड दिसेल असं. खालच्याला सोयीचा असेल तो षड्ज धरा. तानपुऱ्याचं ॲप फक्त षड्ज लावण्यापुरतं वापरा आणि बंद करा, कारण बानी हलणार आहे. तिघांनीही ‘ओ’ वर गायचं. हे कोणतं गाणं नाही, सरावाच्या चार पायऱ्या आहेत:

बानी: सा, सा, मंद्र कोमल नि, सा.
मधला: म, ग, रे, सा.
वरचा: प, प, म, प.

पहिल्या पायरीवर सा-म-प चा घासणारा मेळ आहे. तिथे निदान दहा सेकंद थांबा. दुसरीवर तो सा-ग-प असा सैल होतो. तिसरीवर तिघंही खाली सरकतात, आणि चौथीवर सा-सा-प, गंधार नसलेला मोकळा शेवट. बानी आणि वरचा आवाज चारही पायऱ्यांत एकमेकांपासून पंचमाच्याच अंतरावर राहतात, ते अंतर मोडू देऊ नका.

काय बिघडतं? पहिल्या पायरीवर मधल्याचा ‘म’ नकळत ‘ग’वर घसरतो किंवा ‘प’ला जाऊन चिकटतो, कारण घासणं टाळावंसं वाटतं. त्याने स्वतःचा आवाज वाढवू नये, बानीकडे कान द्यावा. शास्त्रीय शिकलेल्यांकडून मींड येते. इथे सूर थेट ठेवायचा, सरकवत न्यायचा नाही. बानी दमछाक झाल्यावर उतरते, म्हणून बानीला दोघं-तिघं असतील तर श्वास आळीपाळीने घ्यावा, एकदम नव्हे. पेटीवर तपासू नका. आणि एखाद्याचा आवाज फार मोठा असेल तर त्याला वरची नाही, बानी द्या. वरचा आवाज मोठा झाला की बाकीचे दोघे त्याच्या मागे जातात आणि काही क्षणांत तिघं एकच चाल गाऊ लागतात. मुलं असतील तर त्यांना दर वेळी जागा बदलायला लावा, तिन्ही चाली प्रत्येकाच्या तोंडी येईपर्यंत.

तिबिलिसीत शिकणाऱ्यांसाठी एवढंच: ७ जानेवारीला शहरात ‘अलिलो’ची मिरवणूक निघते, पुढे मुलं असतात. चर्चमध्ये रविवारच्या प्रार्थनेलाही तीन आवाजांतलं गायन ऐकायला मिळतं, तिकीट लागत नाही. मुलींनी डोक्यावर ओढणी घ्यावी, मुलांनी टोपी काढावी, आणि गायक ज्या बाजूला उभे असतील तिकडे जावं. लांबून तिन्ही आवाज मिसळून एक होतात. जवळ गेलं की बानी हललेली कळते.